थोरल्या जाऊबाईंचं उत्तर

छापखान्यात सकाळी एक मजकूर आला आणि तो वाचून मुद्रितशोधकाला शिसारी आली.

मजकूर नवा नव्हता. परक्यांच्या राज्यात वर्षाकाठी असे दोन-तीन कागद यायचेच. मोठे साहेब मायदेशी परत निघाले होते आणि निरोप म्हणून त्यांना प्रजेकडून मानपत्र द्यायचं होतं. 'आम्ही समस्त प्रजाजन आपल्या कृपाछत्राखाली सुखाने नांदत असून आपल्या वियोगाच्या कल्पनेने आमची अंतःकरणे विदीर्ण झाली आहेत.' खाली सही, 'आपले आज्ञाधारक प्रजाजन.' आणि हे लिहिलं होतं कोणी? साहेबाच्याच कचेरीतल्या कारकुनाने! घाईत बिचाऱ्याने कचेरीचा शिक्का असलेलाच कागद वापरला होता. शिक्का वरच्या कोपऱ्यात तसाच होता.

"थू!" मुद्रितशोधक खिडकीच्या कोपऱ्यात थुंकला. "ज्याच्या पाठीवर पाय द्यायचा, त्याच्याच तोंडून 'पाय किती मऊ' असं वदवून घ्यायचं! किळस येते, किळस!"

हा माणूस चोवीस वर्षं छापखान्यात नजर झिजवत होता. चूक सुटायची नाही म्हणून सगळे त्याला 'गाळणी' म्हणत आणि त्याला त्याचा अभिमान होता. "मी वाचतो, समजून घेत नाही," असं तो छाती काढून सांगायचा. "समजून घ्यायला लागलं की चुका निसटतात." वाचकहो, हे वाक्य लक्षात ठेवा. एवढ्या एका वाक्यात या माणसाचा सगळा घात होता.

आतल्या खोलीतून संपादक आले. छापखानाही त्यांचाच, म्हणून सगळे त्यांना मालक म्हणत. दातात काडी घालून त्यांनी मानपत्र वाचलं आणि टेबलावर मूठ आपटली. "आमच्या नावाने लिहायचं, आमच्या नावाने सह्या ठोकायच्या! अहो, आम्हाला तोंड आहे ना? मग आम्हालाच विचारा की! उद्याच्या अग्रलेखात सोलून काढतो एकेकाला!"

मानपत्र मात्र छापावं लागणार होतं. सरकारी काम नाकारणाऱ्या छापखान्याला टाळं लागायला आठवडासुद्धा पुरत नसे. गाळणीने नाक मुरडत चुका काढल्या आणि कागद यंत्रावर पाठवला.

"बरं, ते राहू दे," मालक काडी खिडकीबाहेर फेकत म्हणाले. "जाऊबाई, आपलं पान तयार आहे का?"

जाऊबाई म्हणजे गाळणीच.

झालं होतं असं. तीन वर्षांपूर्वी मालकांच्या साप्ताहिकात 'गृहिणींचं पान' सुरू झालं. पानाला सल्ला देणारी बाई हवी होती. ती आणायची कुठून? मालकांनी आपल्या घरातल्या बायकांच्या हाती कधी टाक येऊ दिला नव्हता. तेव्हा ते गाळणीला म्हणाले, "तुझी भाषा मऊ आहे. तूच हो बाई." आणि 'थोरल्या जाऊबाई' जन्माला आल्या. हळूहळू त्यांना तीन मुलगे झाले, दोन सुना आल्या, गुडघे दुखायला लागले. एकदा पानात चार ओळी कमी पडत होत्या, म्हणून गाळणीने त्यांचं एक तान्हं बाळही मारून टाकलं. त्या अंकानंतर तर बायकांच्या पत्रांचा ढीग आला. मालक खूश झाले, गाळणीही खूश झाला.

आज ढिगात वरच एक पत्र होतं. तुटक, मोठाल्या अक्षरातलं. गाळणीने ते रिवाजाप्रमाणे मोठ्याने वाचायला सुरुवात केली.

'थोरल्या जाऊबाईंना नमस्कार. मी मोठेपणी लिहायला शिकले, चुकलं तर सांभाळून घ्या. मला सासू नाही, सख्खी जाऊ नाही, आई जाऊनही खूप वर्षं झाली. विचारायला बाईमाणूस कुणी नाही, म्हणून तुम्हाला विचारते. मुलगी बारा वर्षांची आहे. शाळेतल्या बाई म्हणतात, तिने शिक्षिकांच्या शाळेची परीक्षा द्यावी. घरी तिच्यासाठी स्थळ बघितलं आहे. माझं लग्न तिच्याहून लहानपणी झालं. तेराव्या वर्षी मूल झालं आणि गेलं. मला कुणी त्याबद्दल कधी विचारलं नाही. मी पुष्कळ रडले, ते बाळासाठी की माझ्यासाठी, ते अजून कळलं नाही. मुलीच्या वडिलांशी भांडू का? ते वाईट नाहीत. पण घरात दुसरं कुणी बोलतं, हे त्यांना ऐकू येत नाही. तुमचंही बाळ गेलं होतं, म्हणून तुम्हाला कळेल. तुम्ही सांगाल तसं करीन. एक आई.'

गाळणीच्या डोळ्यांना यातली आई दिसली नाही. त्याला दिसली एक खूण. पत्रात दोन शब्द चुकले होते. ते सरळ रेघेने खोडून शेजारच्या समासात शेपटीवाली खूण केलेली होती. 'काढून टाका' असं खिळे जुळवणाऱ्या जुळाऱ्याला सांगण्यासाठी मुद्रितशोधक करतात तीच. छापखान्याबाहेर कुणाला ती ठाऊक असायचं कारण नव्हतं.

"हे बाईचं पत्रच नव्हे!" गाळणी उसळला. "दुसऱ्या छापखान्यातला कुणी टवाळ बाईचं सोंग घेऊन आपल्याला बनवतोय. शी! काय हा हलकटपणा! पुरुषासारख्या पुरुषाने बाईच्या नावाने लिहायचं?"

आधी मालकच खो-खो हसत सुटले, जुळारी हसले, आणि आपण काय बोललो हे लक्षात येऊन गाळणीही हसला. चोराच्या उलट्या बोंबा म्हणतात त्या याच.

एकट्या घडीवाल्या मावशी हसल्या नाहीत. त्या खिडकीखाली फळीवर बसून छापील कागदांच्या घड्या घालत. त्यांना वाचता येत नव्हतं, पण वीस वर्षं इथलं मोठ्याने वाचलेलं सगळं त्यांच्या कानांवर पडत आलं होतं.

"मास्तर," त्या म्हणाल्या, "बाळ गेलेलं पुरुषाला असं लिहिता येत नाही. हे बाईनेच लिहिलंय."

"मावशी, तुम्ही घड्या घाला," गाळणी म्हणाला.

त्या टवाळाला धडा शिकवायचा म्हणून गाळणीने त्या दिवशी लेखणी जरा जास्तच धारदार केली. उत्तर झोकात उतरलं.

'माझ्या भोळ्या बहिणी, तुझं पत्र वाचून डोळ्यांत पाणी आलं. मीही तुझ्यासारखीच होते. पण ऐक. मुलीला पुस्तक दिलं की घर तिच्या हातातून सुटतं, आणि घर सुटलं की बाईच्या हाती उरतं काय? आपल्याच हाताने तिचं दप्तर बांधून ठेव आणि हसतमुखाने नवऱ्याला होकार सांग. मी हेच केलं, आणि आज सुखी आहे.'

'सुटतं' आणि 'सुटलं' असं लागोपाठ आलं म्हणून तो क्षणभर अडखळला होता. पण कानाला बरं वाटलं म्हणून त्याने ते तसंच ठेवलं.

पुढच्या आठवड्यात सुट्टीच्या दिवशी दुपारी गाळणी घरी जेवून उठला, तेव्हा त्याला कपाटावर एक गाठोडं दिसलं. मुलीचं दप्तर जुन्या चादरीत घट्ट बांधून ठेवलेलं होतं. मुलगी खिडकीशी बसून उशीचा अभ्रा शिवत होती. टाके भलेमोठे पडत होते आणि ती मान वर करत नव्हती. परीक्षा अवघ्या चार दिवसांवर आली होती. या परीक्षेवरून घरात महिनाभर धुसफूस चालली होती. बायको उघड बोलत नसे, पण स्थळाचा विषय निघाला की उठून आत जायची.

आज मात्र ती समोर आली आणि हसली. "मी आपल्याच हाताने बांधून ठेवलं," ती म्हणाली. "स्थळाकडच्या लोकांना होकार कळवा. मुलीला पुस्तक दिलं की घर तिच्या हातातून सुटतं, आणि घर सुटलं की बाईच्या हाती उरतं काय?"

हे 'सुटतं' आणि 'सुटलं' त्याच्या ओळखीचं होतं.

"हे तुला कुणी सांगितलं?"

"एका बाईंनी."

"कुठल्या बाईंनी?"

बायको घुटमळली. मग तिने शिवणाचा डबा उघडला आणि रिळांच्या खालून घडी घातलेलं कात्रण काढलं. "रागावू नका हं. तुम्हाला न विचारता मी लिहायला शिकले. अक्षरं पोरीने शिकवली आणि बाकीचं तुमच्या कागदांवरून. फळीवर अंथरायला छापखान्यातले वाया गेलेले कागद आणता ना, ते. चुकलं की कसं खोडायचं, तेही त्यातच होतं. मग थोरल्या जाऊबाईंना पत्र लिहिलं. त्यांनी उत्तर दिलं. मला एकटीला, एवढं मोठं!"

गाळणीने कात्रण हातात घेतलं. त्याचंच वाक्य, त्याचाच स्वल्पविराम. आपल्याच बायकोचं पत्र त्याने चुका शोधत वाचलं होतं आणि त्याला आपलं घर ओळखू आलं नव्हतं! तो तडक मागच्या दारी गेला आणि जेवलेलं सगळं ओकला.

बायको तांब्या घेऊन धावली. "बाहेर काय खाल्लंत?"

"अगं," तो भिंतीला धरून म्हणाला, "ती बाई नाही. जाऊबाई कुणी नाहीच. ते मी लिहितो."

तिला आधी थट्टाच वाटली. "चला, काहीतरीच! त्यांचे गुडघे दुखतात."

"ते मी लिहिलं."

"त्यांच्या सुना?"

"त्याही मीच."

ती थांबली. चेहऱ्यावरचं हसू तसंच राहिलं होतं, फक्त त्यात आता काही उरलं नव्हतं. "आणि त्यांचं बाळ गेलं होतं, ते?"

"पानात चार ओळी कमी पडत होत्या," गाळणी म्हणाला.

"ते वाचूनच तर मी लिहिलं," ती हळू म्हणाली. "म्हटलं, हिला कळेल. आपलं बाळ गेलं तेव्हा तुम्ही एक अक्षर बोलला नाहीत. इतकी वर्षं मी याच घरात होते, अहो. मला एकदाही विचारलं नाहीत. आणि परक्या बायकांना रडवायला तुमच्याकडे बाळ होतं?"

तिने ते कात्रण त्याच्या हातून घेतलं, दोन बोटांच्या चिमटीत, मेलेलं झुरळ उचलतात तसं, आणि चुलीत टाकलं. मग हात साबणाने दोनदा धुतले. मुलीने सगळं ऐकलं होतं. तिने अभ्रा खाली ठेवला.

"बाबा, म्हणजे मला शाळा सोडायला तुम्हीच सांगितलंत? दोनदा?"



दुसऱ्या दिवशी शाळा उघडायच्या आत गाळणी फाटकाशी उभा होता. मुख्याध्यापिकेने त्याला बसायलाही सांगितलं नाही. "परीक्षेची यादी गेली. आता पुढच्या वर्षी. तुमच्या मंडळींनी स्वतः येऊन नाव काढून घेतलं." तिने नोंदवही उघडून पुढे सरकवली. "ही त्यांची सही."

बायकोची सही गाळणी आयुष्यात पहिल्यांदा बघत होता. तुटक, मोठाली, नीट रेघेवर बसलेली अक्षरं. वर्षानुवर्षं चोरून शिकलेल्या त्या बाईने पहिली सही केली, ती आपल्या मुलीचं नाव खोडण्यासाठी! आणि ती सही करायला तिला कुणा जुलमी साहेबाने लावलं नव्हतं. परक्यांच्या जुलमाने ज्याचा जीव रोज कळवळायचा, त्या सज्जन माणसाने लावलं होतं. त्याला स्वतःची अशी किळस आली की मान वर करवेना.

छापखान्यात तो मावशींसमोर फळीवर जाऊन बसला आणि घडलेलं सगळं सांगितलं. मावशींनी हातातली घडी पुरी केली.

"ते पत्र बाईचंच आहे, हे तुम्हाला पहिल्याच दिवशी कळलं होतं," तो म्हणाला. "मग बोलला का नाहीत?"

"बोलले की. तुम्ही म्हणालात, घड्या घाला."

मावशींनी पुढचा कागद ओढला.

"त्या दिवशी मानपत्र वाचून तुम्ही थुंकलात," मावशी म्हणाल्या. "मला बरं वाटलं. म्हटलं, माणसाला चाड आहे. घटकाभराने तुम्हीच बाई होऊन लिहायला बसलात! साहेबाचा कारकून प्रजा होतो, तर तुम्हाला शिसारी येते. तुम्ही बाई होता, त्याची नाही आली? दुसऱ्याच्या डोळ्यातलं कुसळ दिसतं, मास्तर, आपल्या डोळ्यातलं मुसळ दिसत नाही. त्या कारकुनाला निदान शिक्का लपवता आला नाही. तुम्ही तोही लपवलात."

गाळणी उठला आणि आत गेला. "मालक, या अंकात जाऊबाई नाहीत. ते पत्र जसंच्या तसं छापायचं, खाली माझी कबुली माझ्या नावाने. अर्थात जिचं पत्र आहे तिला विचारून."

"डोकं फिरलं का तुझं?" मालक ओरडले. "घराघरांतून अंक बंद होतील! बायकांना असं बोलायला लावलं तर संसार चालायचे कसे?"

"साहेबही असंच म्हणत असेल हो," दारातून मावशी म्हणाल्या. "प्रजेला बोलायला लावलं तर राज्य चालायचं कसं?"

मालकांचा चेहरा लाल झाला. "ते राजकारण आहे! हे घरकारण!"

"घर काय राज्याबाहेर असतं का, मालक?" गाळणी म्हणाला. "अग्रलेखात तुम्ही लिहिलंत, 'आम्हाला तोंड आहे.' मी त्यात चुका शोधल्या, एकही सापडली नाही. पण तेच वाक्य बायकांनी म्हटलं तर आपण त्याचं काय करतो? ते खोडतो आणि आपलं घालतो! यापुढे मी बाई होऊन एक ओळ लिहिणार नाही. मला काढून टाकायचं तर टाका."

मालकांचं हृदयपरिवर्तन झालं असं सांगून मी तुम्हाला फसवणार नाही. यंत्र थांबलं होतं, पान रिकामं होतं आणि ते भरायला दुसरं कुणी नव्हतं. ते एवढंच म्हणाले, "छाप. नाहीतरी बायकांचं पान पुरुष कुठे वाचतात!" त्या पानाची त्यांच्या मते हीच किंमत होती. तीन वर्षं!

संध्याकाळी दिवेलागणीच्या आधी गाळणी कच्ची छपाई घेऊन घरी आला. बायको कालपासून त्याच्याशी बोलली नव्हती. त्याने कागद तिच्यासमोर ठेवला आणि बाजूला आपली तांबडी पेन्सिल ठेवली. ती पेन्सिल तो कुणाला हात लावू देत नसे.

"तुझं पत्र आहे. तू नको म्हणालीस तर जुळवलेले खिळे मोडून टाकतो. हवं असेल तर तूच तपास. खाली मी माझ्या नावाने लिहिलंय की मी खोटी बाई झालो होतो, आणि माझ्या मुलीचं एक वर्ष मी खाल्लं. पुढच्या वर्षी ती परीक्षेला बसेल. स्थळाकडच्या लोकांना आजच नकार कळवून आलोय."

"आणि तोवर जाऊबाई परत आल्या तर?" खिडकीशी बसलेल्या मुलीने विचारलं. ती हसत नव्हती. गाळणीने ते मुकाट्याने ऐकून घेतलं. ऐकून घेण्याची सवय त्याला आत्ता कुठे लागत होती.

बायकोने बोट ठेवत ठेवत एकेक ओळ वाचली. मध्येच तिचं बोट थांबलं, मागे गेलं, पुन्हा पुढे आलं. "इथलं एक वाक्य गेलंय," ती म्हणाली. "'ते वाईट नाहीत.' मी लिहिलं होतं."

गाळणीने मान खाली घातली. "मी काढलं."

"का?"

"मला ते शोभत नाही, म्हणून."

ती त्याच्याकडे बघत राहिली. तिचा आवाज चढला नाही, पण नोंदवहीतल्या त्या अक्षरांसारखा तो रेघेवर पक्का बसला. "शोभतं की नाही, ते तुम्ही नका ठरवू. पत्र मी लिहिलंय. आज वाटलं, तर मीच काढीन. तुम्ही हात लावायचा नाही."

अरेरे! वाचकहो, काय ही सवय! पश्चात्तापाने पोळलेला माणूसही पहिलं काम काय करतो, तर बायकोचं वाक्य खोडतो! आधी स्वतःच्या सोयीसाठी खोडत होता, आता स्वतःला शिक्षा म्हणून खोडलं. लेखणी मात्र दोन्ही वेळा त्याच्याच हातात होती.

बायकोने तांबडी पेन्सिल उचलली. राहून गेलेला मजकूर घालायची खूण तिने बरोबर जागेवर केली आणि समासात आपलं वाक्य लिहायला टाक टेकवावा तितक्या जपून पेन्सिल टेकवली. पण 'ते वाईट नाहीत' एवढं लिहून ती थांबली नाही. थोडा विचार करून तिने पुढे आणखी दोन शब्द जोडले, 'असं वाटायचं.' मग कागद त्याच्याकडे सरकवला. "आता छापा."

गाळणीने ते वाचलं. चोवीस वर्षांत पहिल्यांदा त्याने एक ओळ समजून घेत वाचली. आणि ती जशी होती तशी यंत्रावर नेली.

बंधूंनो, परक्यांचं राज्य आपल्याला सलतं, कारण ते आपल्या वतीने बोलतं आणि आपल्याला गप्प बसवतं. ते सललंच पाहिजे! पण त्या राज्याची एक कचेरी आपण आपल्या घरात उघडून बसलो आहोत आणि तिथले साहेब आपणच आहोत. ज्याला तोंड आहे त्याच्या वतीने बोलू नका, प्रेमानेही नको आणि दयेनेही नको. बाईला काय म्हणायचं आहे ते बाईला लिहू द्या, आणि तिने लिहिलं की हातातली पेन्सिल खाली ठेवून वाचा. परकं राज्य जाईल तेव्हा जाईल. घरातली ही कचेरी बंद करायला मात्र कुणा साहेबाची परवानगी लागत नाही.